अणुबॉम्बचं गणित मांडणाऱ्या माणसानेच शोधलं, यंत्राला पिल्लू कसं होईल!

विळीवर भाजी चिरताना बोट कापलं तर काय होतं? रक्त येतं, आपण हळद दाबतो आणि चार दिवसांत जखम भरून येते. बोट दुरुस्त करायला कुणी मिस्त्री येत नाही. शरीर स्वतःच नवीन पेशी बनवतं आणि तुटलेलं जोडून घेतं.

आता मिक्सरची एक वायर तुटली तर? मिक्सर बंद. वर्षभर तसाच ठेवला तरी तो आपोआप बरा होणार नाही. आणि मिक्सरने दुसरा मिक्सर बनवला असं तर आजवर कुणी ऐकलेलं नाही.

सजीव आणि यंत्र यांच्यात हा फरक का आहे, आणि तो कायमच राहणार का, हा प्रश्न साधारण ७५ वर्षांपूर्वी एका गणितज्ञाने अगदी गंभीरपणे हातात घेतला. मोडकं सामान वापरूनही न चुकणारं यंत्र बनवता येईल का? स्वतःसारखंच दुसरं यंत्र जन्माला घालणारं यंत्र असू शकतं का? दोन्ही प्रश्नांचं उत्तर त्याने गणिताने दिलं. आणि ते काम अर्ध्यावर असताना त्याच्या स्वतःच्याच पेशी त्याच्यावर उलटल्या.

त्या गणितज्ञाचं नाव जॉन व्हॉन न्यूमन.

बुडापेस्टच्या बँकरचा पोरगा

२८ डिसेंबर १९०३ ला हंगेरीची राजधानी बुडापेस्टमध्ये एका सधन ज्यू घरात मुलगा जन्मला. नाव ठेवलं यानोश. वडील मिक्शा न्यूमन बँकेत मोठ्या हुद्द्यावर होते, आईचं नाव मार्गिट. तीन भावांत यानोश थोरला.

पोरगं वेगळं आहे हे घरच्यांच्या लवकरच लक्षात आलं. सहाव्या वर्षी तो आठ आकडी संख्यांचा भागाकार तोंडी करायचा असं सांगितलं जातं. इतिहासाचे जाडजूड खंड वाचायचा आणि ते वर्षानुवर्षं त्याच्या डोक्यात राहायचे.

शाळाही तशीच मिळाली. बुडापेस्टच्या लुथेरन शाळेत लास्लो राट्झ नावाचे गणिताचे शिक्षक होते. पोराची झेप वर्गाबाहेरची आहे हे ओळखून त्यांनी त्याला वेगळं शिकवण्याची सोय लावून दिली. पुढे भौतिकशास्त्राचं नोबेल मिळवणारे युजीन विग्नर याच शाळेत त्याच्या एक वर्ष पुढे होते.

१९१३ मध्ये वडिलांना बादशहाकडून सरदारकीचा मान मिळाला. तेव्हापासून नावात तो मानाचा शब्द आला. जर्मनीत गेल्यावर त्याचं झालं व्हॉन, आणि अमेरिकेत गेल्यावर यानोशचा झाला जॉन.

पण दिवस सुखाचे राहिले नाहीत. पहिलं महायुद्ध संपलं आणि साम्राज्य कोसळलं. १९१९ मध्ये बेला कुन यांचं कम्युनिस्ट सरकार आलं. ते १३३ दिवस टिकलं. बँकरच्या कुटुंबाला देश सोडून ऑस्ट्रियात आसरा घ्यावा लागला. ते सरकार पडल्यावर उलट्या बाजूने सूड सुरू झाला आणि १९२० मध्ये विद्यापीठातल्या ज्यू विद्यार्थ्यांच्या संख्येवर मर्यादा आणणारा कायदा झाला.

सोळा वर्षांच्या मुलाने हे सगळं डोळ्यांनी पाहिलं. कम्युनिझमबद्दलची चीड त्याच्या मनात तेव्हापासून बसली ती आयुष्यभर गेली नाही. पुढच्या गोष्टीत हे महत्त्वाचं आहे.

वडील म्हणाले पोटापाण्याचं बघ

गणितात पैसा नाही, असं वडिलांचं मत. आपल्याकडेही हे घरोघरी ऐकायला मिळतं. मग बापलेकात तडजोड झाली. पोरगा आधी बर्लिनला आणि मग झुरिकला केमिकल इंजिनिअरिंग शिकायला गेला, आणि त्याच वेळी बुडापेस्ट विद्यापीठात गणिताच्या डॉक्टरेटसाठीही नाव घातलं. बुडापेस्टला जायचा तो मुख्यतः परीक्षा द्यायला.

१९२६ मध्ये दोन्ही पदव्या हातात होत्या. वय २२.

यानंतर न्यूमन यांनी ज्या विषयाला हात लावला त्यात काही ना काही मोलाची भर घातली. १९२८ मध्ये दोन खेळाडूंच्या खेळात शहाणपणाची चाल कशी ठरते याचं प्रमेय मांडलं. त्यातूनच पुढे ऑस्कर मॉर्गनस्टर्न यांच्यासोबत लिहिलेल्या १९४४ च्या पुस्तकाने गेम थिअरी उभी राहिली. १९३२ मध्ये क्वांटम मेकॅनिक्सला पक्का गणिती पाया देणारं पुस्तक आलं.

१९३० मध्ये ते अमेरिकेत प्रिन्स्टनला गेले. १९३३ मध्ये तिथल्या इन्स्टिट्यूट फॉर अॅडव्हान्स्ड स्टडीने जे पहिले मोजके प्राध्यापक नेमले त्यात आइन्स्टाइन होते आणि तिशीही न गाठलेले न्यूमनही होते. त्याच वर्षी जर्मनीत हिटलर सत्तेवर आला. युरोपातल्या त्यांच्या कितीतरी सहकाऱ्यांच्या नोकऱ्या गेल्या. न्यूमन त्याआधीच बाहेर पडले होते.

माणूस मात्र पुस्तकी किडा नव्हता. कायम सूटबूट, घरी सतत पार्ट्या, खाण्याची आवड आणि विनोदांचा साठा. गाडी इतकी वाईट चालवायचे की अपघात नेहमीचेच. शांततेत त्यांना काम सुचायचं नाही, गोंगाट लागायचा.

१९३० मध्येच मारिएट कोवेशी यांच्याशी लग्न झालं होतं. १९३५ मध्ये मुलगी मरीना झाली. हे लग्न १९३७ मध्ये मोडलं. पुढच्या वर्षी त्यांनी बुडापेस्टच्याच क्लारा डान यांच्याशी लग्न केलं. या क्लारा यांचं नाव लक्षात ठेवा.

बॉम्ब आणि रेल्वेचा प्लॅटफॉर्म

दुसरं महायुद्ध पेटलं आणि न्यूमन यांचं गणित थेट रणांगणावर गेलं. स्फोट झाल्यावर हवेत उठणाऱ्या लाटांचं गणित हा त्यांचा हातखंडा विषय. १९४३ मध्ये त्यांना लॉस अलामॉसच्या गुप्त अणुबॉम्ब प्रकल्पात बोलावलं गेलं.

तिथे अडचण अशी होती की प्लुटोनियमचा गोळा सगळ्या बाजूंनी एकाच क्षणी आत दाबला गेला पाहिजे. एका बाजूला जरा कमी-जास्त झालं की बॉम्ब फुसका. हा दाब सारखा कसा पडेल याचं गणित सोडवण्यात न्यूमन यांचा मोठा वाटा होता. ९ ऑगस्ट १९४५ ला नागासाकीवर पडलेला बॉम्ब याच पद्धतीचा होता. बॉम्ब कुठे टाकायचा हे ठरवणाऱ्या समितीतही ते बसले होते.

पण या गणितांना माणसं आणि साधी यंत्रं पुरी पडत नव्हती. हजारो आकडेमोडी, त्याही पुन्हा पुन्हा. न्यूमन वेगवान यंत्राच्या शोधात होते.

१९४४ च्या उन्हाळ्यात एकदा ते अॅबरडीनच्या रेल्वे स्टेशनवर गाडीची वाट बघत उभे होते. तिथे लष्करात काम करणारे गणितज्ञ हर्मन गोल्डस्टाइन यांनी त्यांना ओळखलं आणि जाऊन गप्पा सुरू केल्या. बोलता बोलता गोल्डस्टाइन सांगून गेले की फिलाडेल्फियात सेकंदाला शेकडो गुणाकार करणारं इलेक्ट्रॉनिक यंत्र बनतंय. गप्पांचा नूरच बदलला. थोड्याच दिवसांत न्यूमन फिलाडेल्फियात हजर.

ते यंत्र म्हणजे एनिअॅक. सुमारे १८ हजार काचेच्या व्हॅक्युम ट्यूब, वजन जवळपास ३० टन. जॉन मॉकली आणि प्रेस्पर एकर्ट या दोघांनी ते उभं केलं होतं. मात्र त्याला नवीन काम सांगायचं तर शेकडो वायरी उपटून पुन्हा लावाव्या लागत. यात दिवसच्या दिवस जायचे.

यावर तोडगा निघाला तो असा की आकडे जिथे ठेवतो, त्याच स्मृतीत यंत्राला द्यायच्या सूचनाही ठेवायच्या. म्हणजे काम बदलायला वायरी नकोत, फक्त सूचना बदला. जून १९४५ मध्ये न्यूमन यांनी या रचनेचा १०१ पानांचा मसुदा लिहिला. आज आपण वापरतो ते मोबाईल, लॅपटॉप मुळात याच रचनेवर चालतात.

आणि इथेच भांडण लागलं. मसुद्यावर नाव एकट्या न्यूमन यांचं होतं. गोल्डस्टाइन यांनी त्याच्या प्रती सगळीकडे पाठवल्या. ज्या गटात या कल्पना चर्चेतून घडल्या त्या गटातल्या एकर्ट आणि मॉकली यांचं नाव कुठेच नाही. शिवाय कल्पना जाहीर झाल्यामुळे त्यावर पेटंट घेण्याचा त्यांचा रस्ताही बंद झाला. त्या दोघांनी ही गोष्ट कधी माफ केली नाही. आजही या रचनेला न्यूमन यांचं नाव लावतात तेव्हा हा वाद निघतोच.

याची एक दुसरी बाजूही आहे. पेटंट नसल्यामुळे ही रचना जगासाठी खुली झाली. न्यूमन यांनी प्रिन्स्टनला स्वतःचा कॉम्प्युटर उभारला, तो १९५२ पर्यंत पूर्ण झाला आणि त्याचे आराखडे इतर संस्थांना दिले गेले. त्यावरून ठिकठिकाणी भावंडं तयार झाली. इलिनॉयचा इलिअॅक त्यातलाच. मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत १९६० मध्ये सुरू झालेला टिफ्रॅक हा भारतीय बनावटीचा कॉम्प्युटरही याच घराण्यातल्या रचनेवर बेतलेला होता.

आणि क्लारा? १९४८ मध्ये एनिअॅकवर अणुभट्टीतल्या आणि बॉम्बमधल्या न्यूट्रॉनच्या प्रवासाची गणितं चालवली गेली तेव्हा त्यासाठीचं कोडिंग त्यांनी केलं. आधुनिक अर्थाने प्रोग्राम लिहिणाऱ्या सुरुवातीच्या लोकांत त्यांचं नाव येतं, पण नवऱ्याच्या सावलीत ते बरीच वर्षं झाकलेलं राहिलं.

यंत्र चुकतं, जीव का चुकत नाही?

आता मुद्द्यावर येऊ.

एनिअॅकची एखादी ट्यूब दर एक-दोन दिवसांनी जायची. एक ट्यूब गेली की यंत्र थांबवा, शोधा, बदला, पुन्हा चालू करा. न्यूमन यांना यात एक विचित्र गोष्ट दिसली. माणसाच्या मेंदूत अब्जावधी पेशी आहेत. त्या ट्यूबपेक्षा कितीतरी मंद. त्यातल्या काही बिघडतात, काही मरतात. तरी माणूस बोलता बोलता मध्येच बंद पडत नाही.

सप्टेंबर १९४८ मध्ये कॅलिफोर्नियात पॅसाडीना इथे मेंदूवर एक परिषद भरली होती. तिथे न्यूमन यांनी स्वयंचलित यंत्रांच्या सर्वसाधारण सिद्धांतावर भाषण दिलं. त्यांचा मुद्दा असा होता की आपण यंत्रं बनवतो ती चूक लगेच उघडी पडेल अशी, म्हणजे ती पकडून दुरुस्त करता येते. निसर्ग उलट करतो. तो चूक झाकून, वळसा घालून काम चालू ठेवतो आणि सवडीने दुरुस्ती करतो. माणसाला ही कला येत नाही, कारण त्यामागचं गणितच अजून माहीत नाही.

योगायोग बघा, त्याच वर्षी इंग्लंडमध्ये रॉस अॅशबी या मनोविकारतज्ज्ञाने होमिओस्टॅट नावाचं यंत्र बनवलं होतं. चार एकमेकांना जोडलेले डबे. तोल बिघडवला की ते स्वतःच्या आतल्या जोडण्या बदलत राहायचे, पुन्हा तोल सापडेपर्यंत. स्वतःची घडी स्वतः बदलणारं यंत्र ही कल्पना तेव्हा अशी हवेत होती.

न्यूमन यांनी जानेवारी १९५२ मध्ये याचं गणित मांडलं. कल्पना समजायला भजनी मंडळ डोळ्यांसमोर आणा. पन्नास जण एक अभंग गातायत. तीन-चार जण सूर चुकले तरी ऐकणाऱ्याला अभंग बरोबरच ऐकू येतो. तसंच यंत्रात एका वायरीऐवजी वायरींची जुडी घ्यायची. एक भाग लावायचा तिथे अनेक भाग लावायचे आणि बहुमत काय म्हणतंय ते पुढे पाठवायचं. बहुमत घेणारे भागही चुकणारच, हे धरूनच सगळा हिशोब केलेला.

त्यांनी दाखवून दिलं की प्रत्येक भागाच्या चुकीचं प्रमाण एका मर्यादेच्या आत असेल तर अशा चुकणाऱ्या भागांतूनच हवं तेवढं भरवशाचं यंत्र उभं करता येतं. ती मर्यादा ओलांडली की मात्र कितीही भाग लावा, उपयोग नाही.

ही निव्वळ कागदावरची करामत राहिली नाही. माणसाला चंद्राकडे नेणाऱ्या सॅटर्न ५ रॉकेटच्या कॉम्प्युटरमध्ये महत्त्वाचे भाग तिहेरी होते आणि बहुमताने निर्णय व्हायचा.

मोदकाचा साचा दुसरा साचा बनवेल का?

दुसरा प्रश्न याहून अवघड होता.

मोदकाच्या साच्यातून मोदक निघतात, साचे निघत नाहीत. कुंभाराच्या चाकावर मडकं होतं, चाक होत नाही. बनवणारं यंत्र हे बनणाऱ्या वस्तूपेक्षा नेहमी जास्त गुंतागुंतीचं असतं, असा आपला रोजचा अनुभव. मग मांजरीला मांजर कसं होतं?

समजा एक यंत्र घेतलं, त्याला आराखडा दिला की ते आराखड्याबरहुकूम काहीही बनवतं. आता त्याला त्याचाच आराखडा देऊ. ते स्वतःसारखं यंत्र बनवेल. पण त्या नव्या यंत्राकडे आराखडा कुठे आहे? म्हणून आराखड्यात आराखड्याचाही आराखडा घालावा लागेल. मग त्याचाही आराखडा. हे कधी संपणारच नाही.

न्यूमन यांनी ही गाठ फार साध्या युक्तीने सोडवली. आराखडा दोनदा वापरायचा, दोन वेगळ्या तऱ्हांनी.

आजीची पाककृतींची वही घ्या. स्वयंपाकघरात ती वाचून पुरणपोळी करता येते. आणि तीच वही झेरॉक्सच्या दुकानात नेली तर दुकानदार एक अक्षर न वाचता तिची प्रत काढतो. पहिल्या वेळी वहीतल्या मजकुराचा अर्थ लागतो. दुसऱ्या वेळी अर्थाशी काही देणंघेणं नाही, फक्त नक्कल.

न्यूमन यांच्या यंत्राचे म्हणून चार भाग झाले. एक आराखडा वाचून वस्तू बनवणारा. दुसरा आराखड्याची आंधळी नक्कल काढणारा. तिसरा या दोघांना कधी काय करायचं ते सांगणारा. आणि चौथा म्हणजे स्वतः आराखडा, ज्यात पहिल्या तिघांचं वर्णन आहे. यंत्र आधी वाचून नवं यंत्र बनवतं, मग आराखड्याची प्रत काढून नव्या यंत्राच्या हाती देतं. झालं, पिल्लू तयार. आणि ते पुढे स्वतःचं पिल्लू करू शकतं.

यातून आणखी एक गोष्ट निघाली. नक्कल काढताना आराखड्यात चुकून एखादा बदल झाला, तर तो पुढच्या सगळ्या पिढ्यांत जातो. बहुतेक बदल घातक ठरतील, पण एखादा फायद्याचाही ठरेल. म्हणजे यंत्रांच्या पिढ्या हळूहळू बदलू शकतात, स्वतःहून जास्त गुंतागुंतीचं काही घडवू शकतात. त्यासाठी गुंतागुंतीचा एक उंबरठा ओलांडायला हवा. त्याखालची यंत्रं पिढीगणिक घसरत जातील, त्यावरची चढू शकतील.

तारीख पुन्हा एकदा बघा. हे भाषण १९४८ चं. डीएनएची रचना वॉटसन आणि क्रिक यांनी प्रसिद्ध केली १९५३ मध्ये. आणि नंतर जीवशास्त्रज्ञांना कळत गेलं की पेशी नेमकं हेच करते. डीएनए एकदा वाचला जातो, त्यातून प्रथिनं बनतात. आणि पेशी दुभंगताना तो न वाचता जसाच्या तसा उतरवला जातो. सूक्ष्मदर्शकाला हात न लावता, सजीवाला काय करावंच लागेल हे न्यूमन यांनी केवळ तर्काने सांगितलं होतं.

चौकटीच्या वहीतलं जग

सुरुवातीला न्यूमन यांच्या डोळ्यांसमोर खरंखुरं यंत्र होतं. सुट्या भागांच्या तळ्यात तरंगणारं, हवे ते भाग उचलून जोडणारं. पण भाग उचलणं, वळवणं, जोडणं यातच गणित अडकायला लागलं.

मग त्यांचे पोलंडचे गणितज्ञ मित्र स्टॅनिस्लॉ उलाम यांनी सुचवलं की स्फटिकासारखं जाळं घेऊन बघा. न्यूमन यांनी चौकटीच्या वहीसारखं एक अमर्याद जग कल्पिलं. प्रत्येक चौकट २९ अवस्थांपैकी एका अवस्थेत. घड्याळाचा एक ठोका पडला की प्रत्येक चौकट आपल्या चार शेजाऱ्यांकडे बघून पुढची अवस्था ठरवते. बस, एवढेच नियम. या जगात सुमारे दोन लाख चौकटींचं एक यंत्र बसवता येईल जे शेजारच्या मोकळ्या जागेत हात लांबवून स्वतःची प्रत उभी करेल, असा त्यांचा आराखडा होता.

याच सुमारास, १९५३ मध्ये, निल्स बारिचेल्ली नावाच्या संशोधकाने प्रिन्स्टनच्या त्या कॉम्प्युटरवर आकड्यांचे जीव सोडले. ते आकडे स्वतःच्या प्रती काढायचे, जागेसाठी एकमेकांशी झगडायचे. कॉम्प्युटर नुकता रांगायला लागला होता आणि त्याच्या पोटात उत्क्रांतीचे प्रयोग सुरू झाले होते.

न्यूमन या विषयावर मोठं पुस्तक लिहायला बसले होते. ते पूर्ण झालं नाही. कारण त्यांना दुसरीकडून बोलावणं आलं होतं.

दिल्लीसारखंच वॉशिंग्टन

राजधानीत एकदा माणूस शिरला की सुटत नाही. न्यूमन हायड्रोजन बॉम्बच्या कामात होते. लांब पल्ल्याच्या क्षेपणास्त्रांच्या कामाचा वेग वाढवा असं सांगणाऱ्या समितीचे ते प्रमुख होते. सोव्हिएत रशियावर आपणच आधी हल्ला करावा, असं टोकाचं मतही त्यांनी मांडलं होतं. १९१९ च्या बुडापेस्टची भीती इथपर्यंत येऊन पोचली होती.

बाजूने बघितलं तर हे अस्वस्थ करणारं आहे. एकीकडे हा माणूस सजीव कसा टिकतो याचं गणित सोडवतोय आणि दुसरीकडे शहरंच्या शहरं पुसणाऱ्या शस्त्रांचं. त्यांच्या लेखी दोन्ही गणितंच होती. मित्रांनाही हे कोडं पुरतं सुटलं नाही.

मार्च १९५५ मध्ये ते अमेरिकेच्या अणुऊर्जा आयोगाचे सदस्य झाले. त्याच उन्हाळ्यात खांद्याकडचं दुखणं वाढलं. तपासण्या झाल्या आणि कॅन्सर असल्याचं समजलं. तो हाडांत पसरला होता.

कॅन्सर म्हणजे काय? पेशीच्या आराखड्यात नक्कल होताना झालेला बिघाड. तो बिघाड घेऊन पेशी स्वतःच्या प्रती काढत सुटते, कुणाचं ऐकत नाही. न्यूमन यांनी १९४८ मध्ये कागदावर जे लिहिलं होतं त्याचीच ही दुसरी बाजू. फरक इतकाच की आता ते त्यांच्याच शरीरात चाललं होतं.

येल विद्यापीठाने त्यांना मानाची व्याख्यानं द्यायला बोलावलं होतं. विषय कॉम्प्युटर आणि मेंदू. ते लिहीत राहिले. फेब्रुवारी १९५६ मध्ये राष्ट्राध्यक्ष आयझेनहॉवर यांच्या हस्ते स्वातंत्र्यपदक घेतलं ते चाकाच्या खुर्चीत बसून. त्याच वर्षी वॉशिंग्टनच्या वॉल्टर रीड लष्करी रुग्णालयात भरती व्हावं लागलं. व्याख्यानं झालीच नाहीत.

शेवटचे महिने फार कठीण गेले. लष्करी गुपितं जाणणारा माणूस, ग्लानीत काही बोलून जाईल म्हणून आजूबाजूला लष्कराची माणसं ठेवलेली. ज्यांनी कधी धर्माची फारशी फिकीर केली नव्हती त्यांनी कॅथलिक धर्मगुरूंना बोलावून घेतलं. मित्र चकित झाले. मरणाची भीती त्यानेही गेली नाही.

सगळ्यात जास्त भीती डोकं चालेनासं होण्याची होती. ज्याने लहानपणी आठ आकडी भागाकार तोंडी केले, त्याने आपली बुद्धी शाबूत आहे का हे बघायला मुलगी मरीनाला साध्या बेरजा विचारायला सांगितल्या. त्या बेरजा विचारणं तिच्यासाठी असह्य होतं. तिने ते दुःख पुढे अनेक वर्षांनी सांगितलं.

८ फेब्रुवारी १९५७ ला जॉन व्हॉन न्यूमन गेले. वय ५३.

मागे काय राहिलं?

न झालेल्या व्याख्यानांचा अपुरा मजकूर १९५८ मध्ये पुस्तकरूपात आला. त्याची प्रस्तावना क्लारा यांनी लिहिली. स्वतःची प्रत काढणाऱ्या यंत्रांवरचं हस्तलिखित आर्थर बर्क्स या सहकाऱ्याने जुळवलं, अपुऱ्या जागा भरून काढल्या आणि १९६६ मध्ये प्रसिद्ध केलं. गुरू गेल्यावर शिष्याने पोथी पुरी करावी तसं.

चौकटींचं जग पुढे वाढत गेलं. १९७० मध्ये जॉन कॉनवे यांनी त्याचं अगदी सोपं रूप शोधलं, लाइफ नावाचा खेळ. २९ ऐवजी फक्त दोन अवस्था, जिवंत किंवा मेलेली. त्याने जगभरच्या कॉम्प्युटरवेड्यांना खुळं केलं. १९८० मध्ये नासाच्या एका अभ्यासगटाने चंद्रावर स्वतःची प्रत काढणारा कारखाना कसा उभारता येईल याचा आराखडा केला. तो कारखाना उभा राहिलेला नाही. आणि न्यूमन यांच्या चौकटींच्या यंत्राचं काहीसं बदललेलं रूप कॉम्प्युटरवर प्रत्यक्ष उतरवायला १९९५ साल उजाडावं लागलं.

त्या कल्पनेची एक वाईट बाजूही आपण रोज अनुभवतो. कॉम्प्युटर व्हायरस हा स्वतःची प्रत काढणारा प्रोग्रामच. त्याच्यापासून वाचायला आपण अँटीव्हायरस टाकतो.

चांगली बाजू डोळ्यांना दिसत नाही. तुम्ही फोटो ऑनलाइन ठेवता तेव्हा त्याच्या एकाहून जास्त प्रती वेगवेगळ्या डिस्कवर ठेवलेल्या असतात. मोठ्या डेटा सेंटरमध्ये डिस्क जाणं ही नेहमीची गोष्ट. ती गेली की यंत्रणा उरलेल्या प्रतींवरून नवी प्रत बनवते आणि घडी पुन्हा बसवते. आपल्याला पत्ताही लागत नाही.

तरी १९४८ मध्ये विचारलेला प्रश्न पुरता सुटलेला नाही. सुटे भाग, वीज आणि माती यातून स्वतःचं सगळं शरीर घडवणारं यंत्र अजून कुणी बनवलेलं नाही. त्यातला प्रत्येक स्क्रू, प्रत्येक चिप आजही बाहेरून, माणसाने चालवलेल्या कारखान्यातून येते. हे काम रोज, कुणाला न विचारता, दह्याच्या विरजणातला साधा जिवाणू करतो. तो हे कसं करतो याचा आराखडा न्यूमन यांनी दिला, पण तसं यंत्र उभं करणं अजून कुणाला जमलेलं नाही.